किरण-ज्योती, बडनेरा

बडनेऱ्याच्या जुन्या वस्तीत माझं मोबाइलचं दुकान होतं, त्या काळात मी स्वतःला कलावंत समजत असे. काम म्हणाल तर लोकांच्या मेमरी कार्डात गाणी भरून देण्याचं. पण कॉम्प्युटरवर गाण्याचं डोकं उडवणं, शेपूट जोडणं, मधलं एखादं कडवं गाळणं एवढं मला येत होतं, आणि अर्धवट येणाऱ्याला जो आत्मविश्वास असतो तो पूर्ण येणाऱ्याला कधीच नसतो. एका हेडमास्तरांच्या निरोप समारंभाच्या व्हिडिओला मी मुलीच्या पाठवणीचं गाणं लावलं होतं. हेडमास्तरीणबाई ते पाहून हमसून हमसून रडल्या. गाणं किती अचूक बसलं, हे मी पुढे दोन वर्षं सगळ्यांना सांगत होतो. नवरा आता दिवसभर घरातच राहणार म्हणून त्या रडल्या, हे त्यांच्या मुलाकडून कळलं ते फार उशिरा.

हे आधीच सांगून टाकलेलं बरं. कारण गोष्ट वसंतभाऊ तायड्यांची आहे, आणि तिच्यात मी एका कोपऱ्यात उभा आहे, कात्री घेऊन.

वसंतभाऊ म्हणजे 'किरण-ज्योती बेंजो पार्टी, बडनेरा'. किरण आणि ज्योती या त्यांच्या दोन मुली. बेंजो म्हणजे आडव्या लांबट पेटीवर ताणलेल्या तारा. डाव्या हाताने बटणं दाबायची, उजव्या हाताने तारा छेडायच्या, आणि तो आवाज भोंग्यातून असा काढायचा की नवरदेवाची घोडीसुद्धा खांदे उडवायला लागते. आमच्याकडे वरात म्हणजे बेंजो, असे ते दिवस होते. पण वसंतभाऊंच्या बेंजोसारखा बेंजो मी दुसरा पाहिला नाही. दिवसा ते अमरावतीला कचेरीसमोर टाइपरायटर दुरुस्त करत. भंगारात निघालेल्या एका मराठी टाइपरायटरची बटणं उपटून त्यांनी आपल्या बेंजोला बसवली होती. त्यामुळे त्यांच्या सुरांना सा रे ग म अशी नावंच नव्हती. क, ज, ट, म अशी होती. नवी चाल सुचली की ते कचेरीतल्या एखाद्या रद्द अर्जाच्या पाठीवर लिहून ठेवत: 'ट ट ज, क क ज, म'. मी एकदा विचारलं, "वसंतभाऊ, हे दुसऱ्या कोणाला वाचता येईल का?"

"दुसऱ्यायले कायले पायजे?" ते म्हणाले. "चाल माही, कागद माहा."

मे महिन्यातही पांढऱ्या शर्टाची गळ्यापर्यंतची सगळी बटणं लावलेली. वाजवायच्या गाडीवर चढताना चपला खाली. लहान पोरालाही 'तुमी'. आणि वरात दवाखान्यासमोर आली की हात वर करून वाद्य बंद. पुढे नवरदेवाचे मामा, मित्र, पिऊन झिंगलेले चुलतभाऊ कितीही ओरडोत, दवाखान्याची भिंत संपेपर्यंत वसंतभाऊ मांडीवर हात ठेवून बसून राहत. "अंदर कोनाची तरी माय पडून राहिली असन," म्हणत. या एका सवयीपायी त्यांनी जितकी बोलणी खाल्ली तितकी बेसूर वाजवणाऱ्यांनीही खाल्ली नसतील.

त्यांची ती चाल, जिने त्यांना वर नेलं आणि तिथेच सोडून दिलं, वरूडची. संत्र्याच्या दिवसांतलं लग्न होतं. वरात संत्र्याच्या बाजारापाशी आली आणि पार्टीचं जनरेटर बंद पडलं. भोंगे मुके. वऱ्हाडी चिडलेले. शेजारच्या आवारात माल भरून झालेल्या लाकडी पेट्यांना बाया-माणसं खिळे ठोकत होती. ठक ठक, ठकाठक, ठक. मग पेटी सरकवायची, तेवढा खंड. पुन्हा ठक ठक, ठकाठक. वसंतभाऊ बेंजो काखेत मारून गाडीवरून उतरले, त्या आवारात गेले आणि ठोकणाऱ्यांच्या मधोमध एका पेटीवर बसून भोंग्याशिवाय वाजवू लागले. ढोलवाला मागून धावला. दहा मिनिटांत वरात बाजाराच्या आवारात, ठोकणाऱ्या बाया हातोड्या घेऊन नाचतायत, आणि पेटी सरकवायच्या त्या खंडापाशी सगळ्यांचे हात हवेत थांबतायत. खंड संपला की धाडकन खाली. लोकांनीच तिचं नाव ठेवलं, 'पेटीठोक'.

त्यानंतरच्या लग्नसराईत पार्टीला श्वास घ्यायला सवड नव्हती. बडनेरा, मूर्तिजापूर, अकोला, पार पातूरपर्यंत सुपाऱ्या. पण लोकांना फक्त तीच हवी असे. वसंतभाऊंनी त्यानंतर किती चाली बांधल्या असतील! माझ्या दुकानात येऊन ते काउंटरच्या काचेवर बोटांनी वाजवून दाखवत, काही फार गोड होत्या. एका वरातीत त्यांनी हिंमत करून नवी चाल धरली. दोन मिनिटं लोक उभे राहिले. मग नवरदेवाचा मेव्हणा भर रस्त्यावर मांडी घालून बसला. त्याच्या शेजारी दुसरा. बघता बघता सगळी वरात सत्याग्रहाला बसल्यासारखी डांबरावर बसली. "पेटीठोक लावा, तवाच उठतो!" घोडीवर एकटा नवरदेव. वसंतभाऊंनी पेटीठोक लावली. सगळे पार्श्वभाग झटकत उठले.

"एका लेकराले सारे कडेवर घेते, दिलूभाऊ," ते मला म्हणाले, "बाकीच्यायले कोनी पानीबी इचारत नाही."

त्याच सुमारास पेटीठोकचं रेकॉर्डिंग करायचं ठरलं, आणि ते करणार कोण, तर मी. दुकानाच्या मागच्या अंगणात चादरी बांधून मी स्टुडिओ केला. डीजे लोक आपल्या गाण्यात मधेमधे आपलं नाव बोलवून घेतात, त्याला टॅग म्हणतात. आपल्या गाण्यातही नाव हवं, असं वसंतभाऊ म्हणाले. जाड्या आवाजाचा माणूस आणतो, मी सांगितलं. त्यांनी आपल्या धाकट्या मुलीला, आठ वर्षांच्या ज्योतीला स्टुलावर उभं केलं. वेगळं रेकॉर्ड करून मग चिकटवणंही त्यांना नको होतं. पार्टी वाजवत असताना, पेटी सरकवायच्या त्या खंडात, ज्योतीने माइकवर ओरडायचं: "किरण-ज्योती, बडनेराऽऽ!" पहिल्या वेळी ती हसली. दुसऱ्या वेळी तिला शिंक आली. तिसऱ्या वेळी इतकं नेमकं पडलं की ढोलवाला वाजवता वाजवता "वा रे वाघिणी!" म्हणाला, आणि ते पुसायला मला दोन दिवस लागले.

गाणं मी कार्डांत भरून द्यायला लागलो. आणि तक्रारी सुरू झाल्या.

"भाऊ, मधात हे पोरगी काहून वरडते?"

"हात वर केले का इचं नाव येते. मजा जाते ना यार."

आणि शेवटी एक नवरदेव स्वतः आला. "गानं कडक हाय. पन बडनेरा काहून म्हनते ते? आमची वरात तं मूर्तिजापूरची हाय. पाहुने म्हनतीन, वरात बडनेऱ्याहून भाड्यानं आनली का?"

मला त्याचं म्हणणं पटलं. आता सांगायला लाज वाटते, पण मला ते फार रसिकपणाचं वाटलं. मी कॉम्प्युटर उघडला, गाण्यात जिथे जिथे ज्योती होती तिथून तिला उचललं आणि तिथे तेवढ्याच लांबीची शांतता भरली. एक तुकडा 'राहू दे, कधी कामी येईल' म्हणून बाजूला ठेवला. वसंतभाऊंना काही बोललो नाही. त्यांचं गाणं त्यांच्याकडे आहेच, मी म्हटलं, ही आपली गिऱ्हाइकांसाठी स्वच्छ प्रत. 'स्वच्छ' हाच शब्द माझ्या मनात होता.

स्वच्छ प्रत एका कार्डातून दुसऱ्या कार्डात, तिसऱ्यात, आणि लग्नसराई संपायच्या आत अकोल्याला पोचली. तिथे डीजे लाडक्या नावाचा एक होतकरू मुलगा होता. त्याने खाली दणदणीत बास भरला आणि त्या रिकाम्या खंडात आपलं नाव टाकलं. जागा तयारच होती.

वर्षभरात पेटीठोक लाडक्याची झाली. वसंतभाऊंना हे कळलं ते एका वरातीत. कोणीतरी खांद्यावर हात ठेवून कौतुकाने म्हणालं, "काका, तुमी त्या अकोल्यावाल्याचं गानं बेंजोवर सही काढलं!"

मग आम्ही अकोल्याला गेलो. आम्ही म्हणजे ते आणि साक्षीदार म्हणून मी. बडनेऱ्याहून पॅसेंजरने जाताना त्यांच्या मांडीवर प्लास्टिकच्या पिशवीत तो कागद होता, वरूडहून परतल्यावर लिहिलेला, 'ट ट ज, क क ज, म'. नावासकट गाण्याची सीडी त्यांनी घरीच ठेवली होती; कचेरीसमोर बसणाऱ्या माणसाला पुरावा म्हणजे कागद. ते वाटेत मला दोनदा म्हणाले, "तुमी फक्त सांगा, रेकॉर्डिंग तुमच्या इथं झालं, नाव होतं. बस." मी दोनदा मान हलवली. मूर्तिजापूरला उतरून परत जावं असंही मनात आलं. पण तिकीट अकोल्यापर्यंतचं होतं, आणि माझी पापं नेहमी काटकसरीने झालेली आहेत.

लाडक्या भांडला असता तर बरं झालं असतं. तो वाकून वसंतभाऊंच्या पाया पडला. चहा मागवला. कागद हातात घेतला, उलटा करून पाहिला. मागे कोणाच्या तरी उत्पन्नाच्या दाखल्याचा रद्द अर्ज होता.

"काका, हे काय होय?"

"चाल."

लाडक्याने तो कागद शेजारच्या दोघांना दाखवला. एकाने 'ट ट ज' असं मोठ्याने वाचलं, आणि मग तिघांनीही हसू दाबलं. दाबलेलं हसू किती मोठ्याने ऐकू येतं!

"काका, तुमी मोठे मानूस. तुमाले खोटं कसं म्हनू? पन मले कार्डावर भेटलं तं त्याच्यात नाव नव्हतंच. बिननावाचं होतं. बिननावाचं गानं म्हनजे रस्त्यावरचं बोराचं झाड. ज्यानं झोडपलं त्याचं."

"नाव होतं," वसंतभाऊ म्हणाले. "माह्या पोरीचा आवाज होता त्याच्यात. यायच्या दुकानात झालं रेकॉर्डिंग. इचारा यायले."

"हो हो," मी म्हणालो. "होतं."

"मंग काढलं कोनं?" लाडक्याने विचारलं. अगदी साधेपणाने. त्याला खरंच कुतूहल होतं.

मी चहा पीत होतो. कप रिकामा झाला होता, तरी पीत होतो.

वसंतभाऊ माझ्याकडे पाहत नव्हते. ते लाडक्याकडेच पाहत होते. "ज्यानं काढलं त्याले ऐकू येत नसन," ते म्हणाले आणि कागदाची घडी घालून उठले. येताना गाडीत बोरगाव मंजू गेलं तसं त्यांनी मला शेंगदाण्याची पुडी घेऊन दिली. "तुमी आले, लय झालं," म्हणाले. मी शेंगदाणे खाल्ले. सगळे.

नंतरची दहा-बारा वर्षं एका ओळीत सांगता येतात: पार्टी संपली. ढोलवाला लाडक्याच्या गाडीवर वायरी ओढायला लागला. कचेरीसमोरचे टाइपरायटर गेले, कॉम्प्युटर आले. वसंतभाऊ एका झेरॉक्सच्या दुकानात बसून लोकांचे फॉर्म भरून देऊ लागले. अक्षर छापल्यासारखं होतं. माझंही दुकान बसलं. गाणी फोनमध्ये हवेतून यायला लागल्यावर माझ्या कात्रीचं काय काम?

मग ज्योतीचं लग्न ठरलं. मुलगा अकोल्याचा, वीज खात्यात. लग्न बडनेऱ्याला, दुपारी. आठवडाभर आधी वसंतभाऊंनी माळ्यावरून बेंजो काढला, तारा बदलल्या, बटणांवरची धूळ ब्रशने झाडली. कार्यालयाच्या दारात वरात आली की आपण स्वतः वाजवून पाहुण्यांना आत घ्यायचं, असं त्यांनी मनात धरलं होतं. ज्योतीने ते पाहिलं. "बाबा," ती म्हणाली, "त्या दिवशी तुमी नुसते बाप राहा ना." त्यांनी बेंजो पुन्हा कापडात गुंडाळला. हे मला त्यांच्या घरच्यांनी, म्हणजे त्यांच्या बायकोने सांगितलं, त्यांनी नव्हे.

वरात आली तीच लाडक्याच्या गाडीमागून. दोन माणसं उंचीचे स्पीकर, त्यांवर त्याचं नाव भरउन्हातही लुकलुकतंय. कार्यालयाच्या फाटकाशी आली आणि पेटीठोक सुरू झाली. मी वसंतभाऊंच्या शेजारी हार धरून उभा होतो. त्यांच्या डाव्या हाताची बोटं पांढऱ्या पँटवर दबत होती, त्या त्या अक्षरावर.

नवरदेवाचे काका घामाने निथळत आले आणि त्यांचं मनगट धरलं. "इवाई, नाचा ना! असे काय उभे राहिले फोटोसारखे?"

"नाही नाही, मले नाही येत."

"येत नाही म्हनजे? आमच्या अकोल्याचं गानं हाय हे! याच्यावर मुर्दाबी नाचते!"

मुलीचा बाप वरपक्षाला नाही म्हणत नाही. भांडण तर सोडाच, कपाळाला आठीही घालत नाही. आठी पडली की ती मुलीच्या संसारात मोजली जाते. वसंतभाऊंनी चपला काढून भिंतीशी ठेवल्या आणि ते नाचले. आणि काय नाचले! बाजाराच्या आवारातले ते खिळे, त्या हातोड्या, सगळं त्यांच्या पायात होतं. लोकांनी रिंगण केलं. पहिल्या मजल्यावर नवरीच्या खोलीची खिडकी उघडली. ज्योती लग्नाच्या पांढऱ्या साडीत तिथे उभी होती. खंड आला. सगळ्यांचे हात वर. वसंतभाऊंचेही. आणि त्या वर गेलेल्या हातांवरून गडगडत आलं: "डीजे लाडक्याऽऽ, अकोलाऽऽ!"

काकांनी त्यांना मिठी मारली. "इवाई, तुमाले तं लय जमते हो! कोठं शिकले?"

"वरूडले," वसंतभाऊ म्हणाले.

इथे माझा शेवटचा मूर्खपणा. लग्नानंतर महिनाभराने जुन्या डब्यात मला एक कार्ड सापडलं. मूळ गाणं कॉम्प्युटरबरोबर कधीच गेलं होतं, वसंतभाऊंची सीडीही बुरशी येऊन मेली होती. पण या कार्डात तो उचललेला तुकडा होता, ज्योतीचा. मला इतका आनंद झाला की मी धावतच त्यांच्या घरी गेलो. सासरी गेलेल्या मुलीचा आठ वर्षांचा आवाज! मला वाटलं, फिटलं. हे देऊन टाकलं की आपलं सगळं फिटलं.

रविवारची सकाळ. ते दाढी करत होते. मी फोन त्यांच्या कानाशी धरला. 'ठक', आणि लगेच, "किरण-ज्योती, बडनेराऽऽ!"

आतून त्यांच्या घरच्यांनी विचारलं, "कोन लेकरू आलं जी?"

वसंतभाऊंनी साबण पुसला. "आखीन लावा." मी पुन्हा लावलं. "आखीन." तिसऱ्यांदा त्यांनी डोळे मिटले. मी हसतमुखाने उभा.

"पूरं गानं?"

"ते गेलं. एवढंच सापडलं."

"हे येगळं बोललेलं नाही, दिलूभाऊ," ते सावकाश म्हणाले. "तिनं गान्यातच म्हटलं होतं. याच्या शेवटी माह्या तारेचं शेपूट हाय. म अक्षराचं. अर्धं तुटलेलं हाय."

मी फोन खाली घेतला.

"गानं येगळं गेलं, हे येगळं राहिलं. तुमच्याजवळ."

आरशातून ते माझ्याकडे बघत होते. त्यांनी मला 'तू' म्हटलं असतं, वस्तरा दाखवला असता, तर मला बरं वाटलं असतं. मी मूर्तिजापूरच्या त्या नवरदेवाचं सांगायला लागलो, पाहुणे काय म्हणाले असते वगैरे. ऐकताना मलाच ते ऐकवेना.

"म्हनजे अकोल्याले मी तुमालेच साक्षीले नेलं," ते म्हणाले. मग पुन्हा साबण लावायला घेतला. "तिच्या मोबाइलात टाकून द्या ते. कोठून आलं, सांगू नका. तिले वाटन, बापानं जपून ठेवलं."

मी टाकलं. तिने मला हात जोडल्याचं चित्र पाठवलं. ते अजून माझ्या फोनमध्ये आहे.

त्यानंतर ते रस्त्यात दिसले की नमस्कार करत, थांबत नसत. गेल्या लग्नसराईत मला रहिवासाच्या दाखल्याचा फॉर्म हवा होता म्हणून अमरावतीला त्या झेरॉक्सच्या दुकानात जावंच लागलं. ते एका मुलीचा पोलीस भरतीचा फॉर्म भरून देत होते. तीच गळ्यापर्यंतची बटणं. मी रांगेत उभा राहिलो. तेवढ्यात रस्त्यावरून वरात आली, आणि पेटीठोक. काउंटरची काच थरथरायला लागली. वसंतभाऊंचं पेन थांबलं नाही.

मुलीने फोन बाहेर काढला. "काका, हे गानं कोनाचं होय हो? माह्या भावाच्या लग्नात लावायचं हाय. शोधाले नाव पायजे."

त्यांनी मान वर न करता पेनाने माझ्याकडे दाखवलं. "त्यायले इचारा. त्यायच्या दुकानातूनच निंगालं ते."

मुलगी माझ्याकडे वळली. स्पीकर अगदी दारासमोर होता. बोललेलं ऐकू जाणं शक्य नव्हतं. पण मला ती चाल पाठ आहे. आता खंड येणार, एवढीच एक शांत जागा आहे, तेव्हा सांगू, असं मी ठरवलं. श्वास भरून घेतला. ठक ठक, ठकाठक, ठक. मी तोंड उघडलं.

"डीजे लाडक्याऽऽ, अकोलाऽऽ!"

"हां, भेटलं भेटलं!" मुलगी हसली आणि फोनमध्ये टाइप करू लागली. वरात पुढे सरकली, दवाखान्याच्या दिशेने, वाजतच. माझं तोंड अजून उघडंच होतं. वसंतभाऊंनी फॉर्म थोडा उजेडाकडे सरकवला.

"हं," ते मुलीला म्हणाले. "आता तुमच्या वडलायचं पूरं नाव सांगा."